जुना डाव, नवी आवृत्ती

व्हिडिओ गेममध्ये खेळाडू महिनोन्‌महिने जे उभे करतो, ते शेवटी एका लहानशा फाइलीत साठवलेले असते. त्याने बांधलेले शहर, वाढवलेली पात्रे, उघडलेली दारे, कथेत घेतलेले बरेवाईट निर्णय हे सगळे त्या सेव्ह फाइलीत राहते, आणि ती गेली की डावही गेला. पण गेम एका जागी थांबत नाही. नवी आवृत्ती येते, कन्सोलची पिढी बदलते, जुना फोन जाऊन नवा येतो, मालिकेचा पुढचा भाग बाजारात उतरतो. दर वेळी खेळाडूपुढे एकच प्रश्न असतो : माझा जुना डाव तिथे चालेल का? ‘तांत्रिक कारणामुळे शक्य नाही’ असे एका ओळीचे उत्तर मिळाले की बहुतेक जण ते मान्य करतात आणि पहिल्यापासून सुरुवात करतात. या प्रकरणात मला असे मांडायचे आहे, की ती अडचण खरी असते, पण क्वचितच अखेरची असते. जुना डाव पुढे जाणार की नाही, हे यंत्राच्या मर्यादांपेक्षा निर्मात्यांनी काय ठरवले आणि केव्हा ठरवले यावर अधिक अवलंबून असते. तसे असेल, तर खेळाडूला त्याबद्दल जाब विचारता आला पाहिजे.

सेव्ह फाइल म्हणजे गेममधल्या जगाचे छायाचित्र, अशी सर्वसाधारण समजूत असते. प्रत्यक्षात तिच्यात चित्रे नसतात, आवाज नसतात, पात्रांच्या हालचालींचे नियमही नसतात. ते सारे मूळ गेममध्ये असते. सेव्ह फाइलीत असतात त्या फक्त नोंदी : खेळाडू अमुक जागी उभा आहे, त्याच्याजवळ 17 क्रमांकाच्या तीन वस्तू आहेत, 204 क्रमांकाची घटना घडून गेली आहे. 17 म्हणजे तलवार की औषध, हे फाइलीला ठाऊक नसते. ते गेमला ठाऊक असते. आपल्याकडच्या सातबाऱ्याचेही असेच आहे. उताऱ्यावर जमीन नसते, जमिनीचा क्रमांक असतो. एकत्रीकरण योजनेत सर्व्हे नंबर जाऊन गट नंबर आले, तेव्हा जुन्या उताऱ्यावरचा आकडा नव्या दप्तरात जसाच्या तसा शोधून चालणार नव्हते. कोणत्या जुन्या नंबराचा कोणता गट झाला हे सांगणारा तक्ता हाती असला, तरच जुना कागद कामाचा. गेममध्येही प्रोग्रामरने वस्तूंच्या यादीत मध्येच एक नवी वस्तू घातली, की पुढचे सगळे क्रमांक सरकतात आणि जुन्या सेव्हमधली तलवार नव्या आवृत्तीत औषध होऊन बसते. कोणती नोंद कितव्या बाइटपासून सुरू होते, तिला किती जागा दिली आहे, हेही आवृत्तीगणिक बदलू शकते. फाइल एका अक्षरानेही बिघडलेली नसते, तरी तिचा अर्थ बिघडतो. त्यामुळे फाइल इकडून तिकडे नेता येते का, हा प्रश्न दुय्यम ठरतो. जुन्या नोंदीचा नवा अर्थ सांगणारा तक्ता कोणी बनवला आहे का, हा खरा प्रश्न आहे.

असा तक्ता नीट ठेवला तर काय साधते, ते माइनक्राफ्टमध्ये दिसते. या गेमचे जग ठोकळ्यांचे आहे आणि खेळाडू त्यात वर्षानुवर्षे बांधकाम करत राहतात. त्याच्या जावा आवृत्तीत दीर्घकाळ प्रत्येक प्रकारच्या ठोकळ्याला एक क्रमांक होता : दगड 1, गवताचा ठोकळा 2, माती 3. एका ठोकळ्यासाठी एक बाइट, म्हणजे 256 क्रमांक, आणि जोडीला चार बिटांची एक उपनोंद. क्रमांक 35 आणि उपनोंद 14 असेल, तर तो लाल लोकरीचा ठोकळा. गेम लहान होता तोवर हे पुरले. पुढे ठोकळ्यांचे प्रकार वाढत गेले आणि उपनोंदीच्या सोळा जागा अपुऱ्या पडू लागल्या. जुलै 2018 मध्ये आलेल्या 1.13 या आवृत्तीत मोजांग या निर्मात्या कंपनीने ही क्रमांकपद्धतच मोडीत काढली आणि प्रत्येक ठोकळ्याला स्वतःचे नाव दिले. इतका मुळापासूनचा बदल जुन्या जगांचा बळी देऊनही करता आला असता. ‘आता नवे जग सुरू करा’ एवढे सांगून मोकळे होता आले असते. तसे झाले नाही. जुने जग नव्या आवृत्तीत उघडले, की त्यातला प्रत्येक जुना क्रमांक तक्त्यात पाहून त्याच्या जागी नवे नाव घातले जाते, आणि पूर्वी बांधलेले घर जिथल्या तिथे उभे दिसते.

हे कसे जमले, ते समजून घेण्यासारखे आहे, कारण माझ्या म्हणण्याचा मुख्य पुरावा त्यात आहे. 2016 मधल्या 1.9 या आवृत्तीपासून माइनक्राफ्टच्या सेव्हमध्ये एक साधा आकडा लिहिला जाऊ लागला : ही नोंद कोणत्या आवृत्तीने केली आहे. 1.9 साठी तो 169 आहे, 1.13 साठी 1519, 1.18 साठी 2860. जुनी फाइल समोर आली की गेम आधी हा आकडा पाहतो आणि तिथपासून आजपर्यंतच्या बदलांच्या पायऱ्या क्रमाने चढत जातो. प्रत्येक पायरी एवढेच सांगते, की आधीच्या मांडणीतून नंतरच्या मांडणीत कसे यायचे. वीस आवृत्त्या असतील आणि त्यांतल्या प्रत्येक जोडीसाठी वेगळा नियम लिहायचा ठरवला, तर 190 जोड्या होतात; साखळी केली, तर 19 दुवे पुरतात. नवी आवृत्ती काढताना फक्त शेवटचा दुवा नवा लिहावा लागतो, आधीचे लिहिलेलेच असतात. मोजांगने हे काम करणाऱ्या यंत्रणेचा गाभा खुला करून सर्वांना पाहायलाही दिला. नोव्हेंबर 2021 च्या 1.18 आवृत्तीत तर जगाची उंचीच बदलली : तळ 0 वरून उणे 64 पर्यंत खाली गेला, माथा 256 वरून 320 पर्यंत वर. जुन्या जगांच्या तळाशी जो अभेद्य खडक होता, तो काढून त्याखाली नवी जमीन घडवली गेली, आणि जुन्या-नव्या प्रदेशांच्या सीमेवर पूर्वीच्या काही बदलांच्या वेळी जे उभे कडे तयार होत, ते टाळण्यासाठी दोन्हीकडची भूरचना एकमेकींत मिसळवली गेली. एका आकड्याची नोंद आणि क्रमाने लिहिलेल्या पायऱ्या, एवढ्या शिस्तीवर हे सारे उभे आहे.

याच माइनक्राफ्टची दुसरी बाजूही पाहायला हवी, नाहीतर युक्तिवाद एकांगी होईल. या गेमचे दोन वेगळे वंश आहेत : संगणकावरची जावा आवृत्ती आणि फोन-कन्सोलसह अनेक यंत्रांवर चालणारी बेडरॉक आवृत्ती. दोन्हींची मालकी एकाच कंपनीकडे आहे, तरी एकीतले जग दुसरीत सरळ उघडत नाही. दोघींची साठवण वेगळ्या पद्धतीची आहे. एकाहून अधिक बाइटांचा आकडा लिहिताना जावात मोठा भाग आधी येतो, तर बेडरॉकमध्ये लहान भाग आधी. हा फरक रूपांतराच्या साधनाला सहज ओलांडता येतो आणि बाहेरच्या लोकांनी अशी साधने बनवलीही आहेत. पण आणखी एक फरक आहे, तो तक्त्याने मिटत नाही. रेडस्टोन या काल्पनिक खनिजापासून खेळाडू गेममध्ये यंत्रे बनवतात, आणि त्या यंत्रांचे वागण्याचे नियम दोन्ही आवृत्त्यांत सारखे नाहीत. ठोकळा न् ठोकळा बरोबर जागी नेला, तरी एकीकडे चालणारे यंत्र दुसरीकडे बंद पडू शकते. नोंदी नेता येतात. नियम नेता येत नाहीत, कारण नियम सेव्हमध्ये नसतातच. हस्तांतराची ही खरी मर्यादा आहे आणि ती मान्य केली पाहिजे. मात्र ‘अशक्य’ म्हणून सांगितल्या जाणाऱ्या किती गोष्टी खरोखर या मर्यादेत बसतात, हे तपासून पाहायला हवे. ती तपासणी पोकेमॉनच्या इतिहासात फार चांगली करता येते.

पोकेमॉनचे पहिले गेम जपानमध्ये फेब्रुवारी 1996 मध्ये निघाले आणि दुसऱ्या पिढीचे नोव्हेंबर 1999 मध्ये. या मालिकेत खेळाडू वेगवेगळे प्राणी पकडतो, वाढवतो, दुसऱ्यांशी त्यांची अदलाबदल करतो; त्यामुळे इथे सेव्ह म्हणजे सांभाळलेल्या सोबत्यांचा संग्रह. दुसऱ्या पिढीत पहिल्या पिढीशी केबलने देवाणघेवाण करण्याची सोय होती, आणि ती दोन्ही दिशांनी होती. अट एवढीच, की मागे पाठवायचा प्राणी पहिल्या 151 पैकी असावा आणि त्याला नव्या पिढीतली चाल येत नसावी. अडचण अशी होती, की दुसऱ्या पिढीत प्राण्याच्या हाती वस्तू देता येत असे, पण पहिल्या पिढीच्या नोंदीत वस्तूसाठी रकानाच नव्हता. निर्मात्यांनी त्यावर शोधलेला मार्ग आजही विचार करायला लावणारा आहे. पहिल्या पिढीत प्रत्येक प्राण्याच्या नोंदीत एक बाइट तो पकडायला किती अवघड आहे या आकड्यासाठी होता, आणि प्राणी एकदा पकडल्यावर त्याचा उपयोग उरत नसे. दुसऱ्या पिढीने तोच बाइट ‘हातातली वस्तू’ म्हणून वाचला. स्नोरलॅक्स या प्राण्याचा तो आकडा 25 होता. तक्त्यात 25 समोर ‘लेफ्टओव्हर्स’ ही वस्तू लावली गेली, आणि जुन्या गेममधून येणारा प्रत्येक स्नोरलॅक्स ती घेऊनच येऊ लागला. जुन्या मांडणीत जागा नव्हती, तरी वाट निघाली, कारण ती काढायचीच असे ठरले होते.

तिसऱ्या पिढीत मात्र वाट बंद झाली. नोव्हेंबर 2002 मध्ये गेमबॉय अ‍ॅडव्हान्सवर रुबी आणि सफायर आले, तेव्हा आधीच्या दोन पिढ्यांतले प्राणी त्यांत आणण्याची कोणतीही सोय नव्हती. तांत्रिक कारणे भक्कम होती. साठवणपेटीतल्या एका प्राण्याची नोंद दुसऱ्या पिढीत 32 बाइटांची होती, ती 80 बाइटांची झाली. जन्मजात गुणांचे मोजमाप 0 ते 15 वरून 0 ते 31 वर गेले. सरावातून मिळणाऱ्या गुणांची मोजणी पूर्णपणे बदलली. 25 प्रकारचे ‘स्वभाव’ आणि प्रत्येक प्राण्याची खास क्षमता अशा गोष्टी आल्या, ज्यांची जुन्या नोंदीत खूणही नव्हती. अशा वेळी जुन्या प्राण्याला स्वभाव कुठून द्यायचा, हा प्रश्न रास्त वाटतो. पण त्याचे उत्तर पुढे याच मालिकेने दिले. 2016 मध्ये पहिल्या पिढीचे गेम निंटेंडो 3डीएसवर जसेच्या तसे पुन्हा प्रसिद्ध झाले, आणि 2017 च्या सुरुवातीपासून त्यांतले प्राणी थेट सातव्या पिढीच्या सन अँड मूनमध्ये नेता येऊ लागले. स्वभाव कसा ठरला? प्राण्याच्या एकूण अनुभवगुणांना 25 ने भागायचे आणि जी बाकी उरेल तिच्या क्रमांकाचा स्वभाव द्यायचा. जन्मजात गुण नव्याने ठरवले गेले आणि त्यांतले किमान तीन सर्वोच्च असतील अशी हमी दिली गेली. शाळकरी गणितात बसणारा हा नियम 2002 मध्येही लिहिता आला असता. जुनी माहिती अपुरी आहे, हे कारण तेव्हा खरेच होते; पण अपुऱ्या माहितीची भरपाई कशी करायची हे ठरवणे निर्मात्यांच्याच हातात होते. मधली सुमारे चौदा वर्षे मुख्यतः निर्णयाअभावी गेली, असे म्हणायला हा पुरावा पुरेसा आहे. त्या काळात मूळ काडतुसांतल्या सेव्हना जिवंत ठेवणाऱ्या बटणसेलचे आयुष्य संपत होते. जे संग्रह त्यांच्याबरोबर पुसले गेले, त्यांच्यासाठी आणि 1990 च्या दशकातल्या मूळ काडतुसांसाठी 2017 ची ही सोय उपयोगाची नव्हती.

तिसऱ्या पिढीपासून पुढे मात्र साखळी पुन्हा जोडली गेली, आणि तिच्यातून एक वेगळा धडा मिळतो. 2006 च्या डायमंड आणि पर्लमध्ये जुने काडतूस निंटेंडो डीएसच्या दुसऱ्या खाचेत घालून दिवसाला सहा प्राणी आणता येत. पुढच्या डीएसआय या यंत्रातून ती खाचच काढून टाकली गेली, म्हणजे हा दुवा जुन्या यंत्रांपुरता उरला. 2010 च्या ब्लॅक अँड व्हाइटमध्ये प्राणी आणायचे तर दोन डीएस यंत्रे लागत. त्यानंतर 3डीएसवर ‘बँक’ नावाची वर्गणी घेऊन चालणारी साठवण आली आणि फेब्रुवारी 2020 मध्ये ‘होम’. मार्च 2023 मध्ये 3डीएसचे ऑनलाइन दुकान बंद झाले, त्यामुळे ज्याने आधीच बँक उतरवून घेतली नव्हती त्याला ती आता नव्याने मिळत नाही. तिसऱ्या पिढीतला प्राणी आजच्या गेममध्ये आणणे तत्त्वतः शक्य आहे, पण त्यासाठी मधल्या प्रत्येक काळातले चालू यंत्र, चालू काडतूस आणि चालू सेवा लागते. माइनक्राफ्टचीही साखळीच आहे आणि पोकेमॉनचीही. फरक एवढा, की पहिलीतले सगळे दुवे नव्या गेमच्या आत लिहिलेले आहेत, तर दुसरीतले दुवे बाहेर, जुन्या यंत्रांवर आणि कंपनीच्या सर्व्हरवर विखुरलेले आहेत. बाहेरचा एक दुवा निखळला की संपूर्ण वाट बंद होते. म्हणून सोय आहे की नाही एवढेच पाहून चालत नाही. ती कशावर टेकलेली आहे, हेही पाहावे लागते.

कथाप्रधान गेमचा प्रश्न थोडा निराळा आहे, कारण तिथे मागच्या भागातल्या निर्णयांचे परिणाम पुढच्या भागात दिसावेत अशी अपेक्षा असते. ही कल्पना जुनी आहे. 1982 मध्ये आलेला विझर्ड्रीचा दुसरा भाग खेळायला पहिल्या भागात घडवलेली पात्रेच आणावी लागत. बायोवेअरच्या मास इफेक्ट मालिकेने 2007, 2010 आणि 2012 अशा तीन भागांत हे काम मोठ्या प्रमाणावर केले : कोण जगले, कोण मेले, कोणाशी मैत्री झाली, हे एका भागाच्या सेव्हमधून दुसऱ्या भागात वाचले जाई. त्यातही दोष निघाले. तिसरा भाग आला तेव्हा पहिल्या भागात खेळाडूंनी घडवलेले चेहरे नीट येत नव्हते आणि ते नंतर पॅच काढून दुरुस्त करावे लागले. पण याच मालिकेने एक महत्त्वाचा पर्यायही दाखवला. दुसरा भाग 2011 मध्ये प्लेस्टेशन 3 वर आला, तेव्हा त्या यंत्रावर पहिला भाग उपलब्धच नव्हता. मग सुरुवातीला एक चित्रकथा दिली गेली, जिच्यात खेळाडू पहिल्या भागातले मुख्य निर्णय स्वतः निवडतो. पुढे 2014 मध्ये ड्रॅगन एज : इन्क्विझिशनच्या वेळी बायोवेअरने जुनी सेव्ह फाइल वाचण्याचा नादच सोडला आणि ‘कीप’ नावाच्या संकेतस्थळावर खेळाडूलाच विचारले : आधीच्या भागांत तू काय केले होतेस? गेमचे इंजिन बदलले होते, कन्सोल बदलले होते, फाइल पोचणे अवघड होते. तरी फाइलीतला आशय पोचवता आला. फाइल वाचता येत नाही म्हणून डावच विसरा, असे सांगण्याची गरज त्यामुळे उरत नाही.

आता आक्षेपांकडे वळू. सर्वांत वजनदार आक्षेप खर्चाचा आहे : रूपांतराचे नियम लिहायचे, असंख्य जुन्या सेव्हवर ते तपासायचे, आणि हे सारे अशा लोकांसाठी, ज्यांनी गेम आधीच विकत घेतला आहे. तो वेळ नव्या गोष्टी घडवण्यात का घालवू नये? 2019 मध्ये पोकेमॉनच्या सोर्ड अँड शील्डबाबत निर्मात्यांनी हीच बाजू मांडली. प्राण्यांची संख्या आठशेपलीकडे गेली होती, नव्या यंत्रासाठी प्रत्येकाचे रूप नव्याने घडवायचे होते, लढतींचा समतोल राखायचा होता. म्हणून मूळ गेममध्ये 400 जातींनाच जागा मिळाली. खेळाडूंनी मोठी नाराजी व्यक्त केली, तरी निर्मात्यांच्या म्हणण्यात तथ्य होते असे मला वाटते. पण जपून ठेवणे आणि वापरू देणे या दोन वेगळ्या जबाबदाऱ्या आहेत. ज्या प्राण्यांना नव्या गेममध्ये जागा नव्हती, ते होममध्ये सुरक्षित राहू शकत होते आणि पुढच्या एखाद्या गेममध्ये येऊ शकत होते. वापरू देण्याचा खर्च मोठा असतो, जपण्याचा लहान. आणि तो सर्वांत लहान कधी असतो? पहिल्या दिवशीच फाइलीत आवृत्तीचा आकडा लिहिला आणि प्रत्येक बदलाबरोबर त्याची पायरी लिहिली तर. दहा वर्षांनी मागचे उकरून काढायचे ठरवले, की तोच खर्च अनेक पटींनी वाढतो. म्हणजे खर्चाचा आक्षेपही शेवटी वेळेवर न घेतलेल्या निर्णयाकडेच बोट दाखवतो.

दुसरा आक्षेप फसवणुकीचा. सेव्ह हवी तशी नेता-आणता आली, तर लोक तिच्यात फेरफार करतील, दुर्मीळ वस्तूंच्या नकला काढतील, आणि प्रामाणिक खेळाडूंचे नुकसान होईल. ही भीती निराधार नाही; जुन्या पोकेमॉनमध्ये अदलाबदल चालू असताना नेमक्या क्षणी यंत्र बंद करून नकला काढल्या जात. याच काळजीपोटी निंटेंडो स्विचवर स्प्लाटून 2 आणि सोर्ड अँड शील्ड यांच्या सेव्हची क्लाउड प्रत ठेवण्याची सोय नव्हती. पण डायमंड-पर्लची व्यवस्था पाहा : प्राणी नव्या गेममध्ये आला की जुन्या काडतुसातून पुसला जाई आणि मागे फिरत नसे. हस्तांतर झाले, नक्कल झाली नाही. ज्या नोंदींवर इतरांशी स्पर्धा अवलंबून आहे त्या सर्व्हरवर तपासाव्यात, हे योग्यच आहे. परंतु एकट्याने खेळलेली कथा किंवा घरच्या संगणकावर उभारलेले गाव यांना त्याच कुलपात ठेवण्याचे कारण नाही. तिसरा आक्षेप कलेच्या बाजूने येतो : नव्या भागाने नवी सुरुवात करावी, जुन्या निर्णयांचे ओझे लेखकांनी का वाहावे? हा अधिकार मला मान्य आहे. 2024 च्या ड्रॅगन एज : द व्हेलगार्डने मागचे मोजकेच निर्णय विचारात घेतले, ते एक कलात्मक धोरण होते. अपेक्षा एवढीच, की ते आधी स्पष्ट सांगावे आणि तांत्रिक अडचणीचा आडोसा घेऊ नये.

असा आडोसा घेतला जातो का, हे तपासण्याचा एक सोपा उपाय आहे : एकच गेम, पण वेगवेगळी यंत्रे. स्कायरिम हा 2011 चा गेम 2016 मध्ये ‘स्पेशल एडिशन’ म्हणून पुन्हा आला, तेव्हा संगणकावर खेळणाऱ्यांना जुन्या सेव्ह नव्या आवृत्तीत उघडता आल्या. प्लेस्टेशन 3 किंवा एक्सबॉक्स 360 वरून पुढच्या पिढीच्या कन्सोलवर गेलेल्यांना आपल्या सेव्ह नेता आल्या नाहीत. ग्रँड थेफ्ट ऑटो 5 हा 2014 मध्ये नव्या कन्सोलवर आला, तेव्हा ऑनलाइन पात्रे नेता येत होती, एकट्याने खेळलेली कथा नाही. 2022 मध्ये त्यापुढच्या पिढीवर आला, तेव्हा कथेची प्रगतीही नेता आली. संगणकावर फाइल खेळाडूच्या हाती असते आणि कन्सोलवर ती कंपनीच्या कुलपात असते, एवढा फरक पडला की शक्य-अशक्याची रेषा सरकते. भारतातल्या खेळाडूंनी हेच फोनवर अनुभवले. सप्टेंबर 2020 मध्ये केंद्र सरकारने 118 अ‍ॅपवर बंदी घातली, त्यांत पबजी मोबाइल होता. जुलै 2021 मध्ये क्राफ्टन या कंपनीने भारतासाठी बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया हा वेगळा गेम आणला आणि खेळाडूची संमती घेऊन जुन्या खात्यातली माहिती नव्या खात्यात आणण्याची सोय काही काळ खुली ठेवली. महाराष्ट्रासह देशभरातल्या खेळाडूंना आपली जुनी कमाई अशी परत मिळाली. गेम वेगळा, चालवणारी व्यवस्था वेगळी, सर्व्हर वेगळे. तरी हस्तांतर झाले, कारण ते झाल्याशिवाय जुने खेळाडू परत येणार नाहीत, हे कंपनीला दिसत होते. गरज कंपनीची असते तेव्हा वाट सापडते, ही गोष्ट खेळाडूने ध्यानात ठेवण्याजोगी आहे.

शेवटी एक आक्षेप उरतो, तो गेमच्या जगाबाहेरून येतो : खेळच आहे, गेला तर गेला, एवढे मनाला लावून घेण्यासारखे काय? असे म्हणणाऱ्याने माणूस आपला मोकळा वेळ कशावर खर्च करतो, हे आधी पाहावे. भावंडांनी मिळून बांधलेले गाव, शाळेच्या वयात जमवलेला संग्रह, आजारपणात पुऱ्या केलेल्या कथेतले निर्णय यांच्यामागे खऱ्या माणसाची खरी वर्षे असतात. गेम कंपनीने घडवला, पण त्यात मांडलेला डाव खेळाडूचा असतो. तसा डाव दुसऱ्या कोणाकडे नसतो आणि गेला तर पुन्हा विकत मिळत नाही. युरोपीय संघात 2018 पासून लागू असलेल्या माहितीसंरक्षण नियमांत, स्वतः दिलेली वैयक्तिक माहिती एका सेवेकडून दुसऱ्या सेवेकडे नेण्याचा हक्क व्यक्तीला आहे. भारताच्या 2019 च्या विधेयकात असा हक्क होता, 2023 च्या कायद्यात तो राहिला नाही. गेमची सेव्ह या हक्कात कितपत बसेल हा कायद्याच्या जाणकारांचा विषय आहे. तत्त्व मात्र तेच आहे.

म्हणून निर्मात्यांकडे चार मागण्या न्याय्य ठरतात. प्रत्येक सेव्हमध्ये आवृत्तीचा आकडा असावा. नवी आवृत्ती जुनी फाइल बदलण्याआधी तिची प्रत आपोआप काढून ठेवावी. माइनक्राफ्ट जुने जग उघडताना प्रत काढायची का, असे निदान विचारतो. परतीची वाट नसेल तर ते आधी सांगावे. आणि एखादी सेवा किंवा यंत्र बंद करताना खेळाडूला आपला डाव बाहेर काढून घेण्याची मुदत आणि साधन द्यावे. वाचकांनीही आपल्यापुरती काळजी घ्यावी. सेव्हची एकमेव प्रत नव्या आवृत्तीत कधीही उघडू नका. आधी दुसरीकडे प्रत ठेवा आणि नव्या आवृत्तीवर प्रयोग त्या प्रतीवर करा. फोनवरचा गेम पाहुणा म्हणून न खेळता खात्याला जोडा, आणि तो कोणत्या खात्याला जोडला आहे ते लिहून ठेवा. मालिकेचा पुढचा भाग किंवा त्याच गेमची नवी आवृत्ती विकत घेण्याआधी ‘माझी जुनी सेव्ह चालेल का, आणि चालणार नसेल तर का नाही’ असे कंपनीला विचारा. हा प्रश्न विचारणारे थोडे असतील तोवर ‘तांत्रिक कारण’ पुरेल. विचारणारे वाढले, की तक्ता बनवणे कंपनीला भाग पडेल.